चौथं रीळ

सिनेमा विचारांचा आहे, असं मी पत्रकावर छापलं,
तिथंच चुकलं.
अप्पासाब मगदूम मशीन पुसत म्हणाला, मास्तर,
निपाणीत दोन रुपये देऊन विचार बघायला कोण येतंय?
तिकीट काढून टाकलं. मग आल्या.
शिप्पूरकरांच्या रिकाम्या वखारीत शे-दीडशे बायका,
मांडीवर सुपं घेऊनच.
विडी अंधारातही वळता येते,
डोळ्यांचं त्यात फारसं काम नसतं.

भिंतीवर समुद्रकाठचं कुठलंसं गाव,
मिठाच्या राशी, आणि एक कारकून.
त्याला कळतं की गावातला शेराचा दगड
छटाकभर हलका आहे, आणि पणजोबांपासून हलकाच आहे.
याच दगडावर लग्नं ठरली, वाटण्या झाल्या, कर्जं फिटली.
सगळ्यांनी मानलेलं खोटं माप
खोटं कसं?
एवढ्यावरच तो सिनेमा दीड तास भांडतो.

मी माइकवर. खाली इंग्रजी अक्षरं पळायची,
ती धरून आधी मराठीत, मग कानडीत,
तोवर पडद्यावर तिसऱ्याच माणसाचं तोंड हलत असे.
कारकून ओरडला तेव्हा मी म्हणालो: न्याय.
हा शब्द दोन्हीकडं चालतो, तेवढाच दम खाल्ला.
पण इथल्या कानडीत न्याय म्हणजे भांडणसुद्धा.
अर्ध्या वखारीला वाटलं, गडी न्याय मागतोय,
अर्ध्या वखारीला वाटलं, भांडण काढतोय.
दोन्हीकडं सिनेमा बरोबर कळला.

तिसरं रीळ संपलं. चौथ्याच्या डब्यात
युरिया कसा टाकावा, याची सरकारी फिल्म.
खरं चौथं संकेश्वरच्या एसटीत राहिलं असेल,
किंवा कुणी पाठवलंच नसेल.
दिवे लावले. म्हटलं, माफ करा, शेवट नाही.
कुणी उठेना.

हलिमा मुल्लाणी म्हणाली, दगड सगळ्यांचा एकच ना?
मग ह्यानं त्याला फसवलं, त्यानं ह्याला. फिटलं की.
मागनं कुणीतरी: फिटतंय कसं?
आमच्याकडं तंबाखू तोलायला हलका दगड,
आणि वर हजारात दोनशे विड्या छाट.
छाटलेल्या विड्या काय जाळतोय व्हय तो?
हसल्या सगळ्या.
मग हसायच्या थांबल्या.

तेव्हा चिक्कोडीकडची निंगव्वा,
कधी तोंड न उघडणारी,
दातानं दोरा तोडत म्हणाली: कै एल्लैती?
सवयीनं मी माइकवर मराठी केलं: हात कुठाय?
दगड दाखवला, ती म्हणाली, काटा दाखवला,
मीठ दहादा दाखवलं.
काटा धरणारा हात का दाखवत नाही हा बाबा?

मी समजावू लागलो. प्रतीक. दिग्दर्शकाचा मुद्दा.
माप ही मुळात एक कल्पना आहे, वगैरे.
ती ऐकत होती. हात वळत होते.

वीस-बावीस वर्षांनी, बेळगावात, टिळकवाडीत,
मुलीच्या लॅपटॉपवर चौथं रीळ सापडलं.
कारकून दगड समुद्रात फेकतो आणि सात मिनिटं बोलतो.
सुंदर बोलतो, एक वाक्य काढून टाकता येणार नाही.
मी सिनेमा पहिल्यापासून लावला,
थांबवून थांबवून काट्याच्या वर बघितलं,
चौकटीच्या कडेला.
एकदा बाहीची घडी दिसते.
बास, तेवढीच.

निंगव्वाला हे सांगायला हवं होतं.
अप्पासाब म्हणतो, वखार बंद झाल्यावर
ती कुठं गेली कुणाला ठाऊक नाही.

आणि दुसरंही एक सांगायचं होतं, ते कुणालाच नाही सांगितलं.
त्या रात्री माइकवर
दहातली तीन वाक्यं मी सोडत होतो.
वेळ नव्हता म्हणून, अवघड होती म्हणून,
ह्यांना काय करायचंय म्हणून.
माझीही छाट होती ती.
मीही काही जाळली नाही.
त्याच वाक्यांवर पुढं व्याख्यानं दिली,
खानापूरला दोन, गडहिंग्लजला एक,
मानधन घेऊन.